कास्टिंग डायरेक्टर नक्की करतो काय?

नमस्कार मंडळी! आधी एक गोष्ट स्पष्ट करतो. कोणत्या भूमिकेत कोण, हे शेवटी ठरवतो दिग्दर्शक, आणि मोठी भूमिका असेल तर निर्माताही. मग कास्टिंग डायरेक्टर कशाला लागतो? कारण दिग्दर्शकासमोर जी चार-पाच नावं येतात, ती कुणीतरी शेकडो जणांमधून वेचलेली असतात. ते वेचणं हे त्याचं काम.

सुरुवात स्क्रिप्टपासून होते. एकच सीन असलेल्या हवालदारापासून ते नायिकेपर्यंत प्रत्येक पात्राची यादी बनते: वय, भाषा, स्वभाव, कुणाचा कोण लागतो. भावंडं असतील तर ती भावंडं वाटायला हवीत. मग ऑडिशन.

ऑडिशनची खोली अगदी साधी असते. मागे कोरी भिंत, समोर कॅमेरा. नट आधी नाव, वय, उंची सांगतो, डावी-उजवी प्रोफाइल (चेहऱ्याची बाजू) देतो. कॅमेऱ्याशेजारी एक जण समोरच्या पात्राचे संवाद वाचून त्याला क्यू देत असतो. पहिला टेक बहुतेक जण घरून ठरवून आलेले असतात तसाच देतात. म्हणून जाणकार कास्टिंग डायरेक्टर लगेच निकाल देत नाही. तो म्हणतो, "छान. आता हाच सीन असा कर, की तुला भांडायचं नाहीये, तुला फक्त तिथून निघायचंय." दुसऱ्या टेकमध्ये नट किती बदलतो, ते मला सर्वात महत्त्वाचं वाटतं. कारण सेटवर दिग्दर्शक ऐन वेळी काहीतरी वेगळं मागणारच.

त्यानंतर शॉर्टलिस्ट, पुन्हा बोलावणं, दोन नटांना एकत्र उभं करून बघणं, लुक टेस्ट (पात्राच्या वेशात-मेकअपमध्ये नट कसा दिसतो ते बघणं), तारखा, मानधन. आणि नकार कळवणं! हेही त्याचंच काम, आणि ते नीट करणाऱ्यांबद्दल मला फार आदर आहे.

या कामाचं खरं भांडवल म्हणजे स्मरणशक्ती. न्यूयॉर्कच्या कास्टिंग डायरेक्टर मॅरियन डॉहर्टी नटांबद्दलची निरीक्षणं कार्डांवर टिपून ठेवायच्या. त्यांनी जॉन व्हॉइट या तरुण नटाला एका टीव्ही मालिकेत छोटी भूमिका दिली होती. काम फसलं. तरीही काही वर्षांनी 'मिडनाइट काउबॉय'साठी त्यांनी त्याचंच नाव लावून धरलं. 1969 मध्ये सिनेमा आला, व्हॉइटला ऑस्करचं नामांकन मिळालं. आणि श्रेयनामावलीत डॉहर्टींचं नावच नव्हतं!

हा अन्याय एकट्या त्यांच्यावर झाला असं नाही. ऑस्कर सोहळा 1929 पासून होतोय. पण कास्टिंगच्या कामासाठी मानद ऑस्कर पहिल्यांदा मिळाला तो कास्टिंग डायरेक्टर लिन स्टॉलमास्टर यांना, 2016 मध्ये. आणि कास्टिंगसाठी दरवर्षीचा स्वतंत्र ऑस्कर सुरू झाला तो थेट 2025 च्या सिनेमांपासून. संकलन, वेशभूषा, मेकअप या सगळ्यांना कधीच मान मिळाला होता. ज्यांनी पडद्यावरची माणसं शोधली, त्यांनाच इतकी वाट बघावी लागली, हे मला आजही पटत नाही.

या क्षेत्रात यायचंय? बहुतेक जण असिस्टंट म्हणून लागतात. ऑडिशनला क्यू द्यायचा, सेल्फ टेप (नटांनी स्वतःच रेकॉर्ड करून पाठवलेल्या ऑडिशन) बघून नावानिशी लावून ठेवायच्या, फोन करायचे. क्यू देण्याचं काम मिळालं तर सोडू नका. रोज वेगवेगळ्या नटांसमोर बसून तोच सीन वाचला की खरं काय आणि पाठ केलेलं काय, हे कान ओळखायला लागतो. जोडीला नाटकं बघा, एकांकिका बघा, आणि दुय्यम भूमिका करणाऱ्यांची नावं लिहून ठेवा.

आणि अभिनय करणाऱ्यांसाठी एक गोष्ट ठामपणे सांगतो. कास्टिंग डायरेक्टरला पैसे निर्मिती संस्था देते. ऑडिशनसाठी, नोंदणीसाठी किंवा रोल पक्का करण्यासाठी कुणी तुमच्याकडे पैसे मागितले, तर एक रुपयाही देऊ नका आणि तिथून सरळ निघा.