तुर्कानबाईंच्या अटी

(कृष्णधवल क्लोज-अप. फक्त डोळे. दहा सेकंद शांतता.)

तुर्कस्तानात या डोळ्यांची ओळख करून द्यावी लागत नाही. लोक नुसतं 'सुलतान' म्हणतात आणि कुणाबद्दल बोलणं चाललंय ते सगळ्यांना कळतं. तुर्की सिनेमातली ही नटी, पूर्ण नाव तुर्कान शोराय. जन्म 28 जून 1945, इस्तंबूल. चित्रपट दोनशेहून जास्त. आणि गंमत अशी, की यातल्या कितीतरी चित्रपटांत ऐकू येणारा आवाज तिचा नाहीच.

(बेयोलू. अरुंद गल्ली, वरून खाली येणारा कॅमेरा.)

इस्तंबूलच्या बेयोलू भागातली ही येशिलचाम गल्ली. इस्तिकलालच्या गजबजलेल्या रस्त्यावरून आत वळलं की चालता चालता संपते सुद्धा. पण निर्मात्यांची ऑफिसं इथे आणि आजूबाजूला होती, म्हणून अख्ख्या तुर्की सिनेमाला या गल्लीचं नाव चिकटलं. येशिल म्हणजे हिरवा, चाम म्हणजे पाइनचं झाड. झाड शोधू नका, आम्ही शोधून झालंय.

1972 च्या आसपास इथून वर्षाला 300 च्या घरात चित्रपट निघत होते. एवढे चित्रपट निघायचे कसे, हे इथे थोडं थांबून बघायला हवं.

(जुनी पोस्टरं, एकावर एक डकवलेली.)

निर्मात्याच्या खिशात पैसा नसायचाच. अदाना, इझमीर, सामसुन, अंकारा अशा एकेका भागाचा वितरक आगाऊ रक्कम द्यायचा, आणि तीही रोख क्वचितच. पुढच्या तारखांच्या हुंड्या मिळायच्या, त्या वटवायच्या आणि कॅमेरा भाड्याने आणायचा. हुंडी देणारा वितरक सांगणार, आमच्याकडे रडवणारा सिनेमा चालतो, नायिका अमुकच हवी. म्हणजे कथेचा पत्ता नाही, पण पोस्टरवरचा चेहरा ठरलेला.

कच्ची फिल्म परदेशातून यायची. तिचा फूट न् फूट मोजून वापरायचा, त्यामुळे दुसरा टेक ही चैन होती. सेटवर आवाज नोंदवायची सोय नाही. कॅमेऱ्याच्या बाजूला उभा राहून एक जण संवाद मोठ्याने वाचायचा आणि नटांनी त्याच्या मागोमाग बोलायचं. ते बोलणं कुठेच नोंदलं जात नसे. नंतर डबिंगच्या खोलीत भलतंच कुणीतरी पडद्याकडे बघत ते संवाद म्हणायचं. तुर्कानच्या अनेक भूमिका अशा बोलल्या अदालेत जिमजोझ. तिच्यापेक्षा 35 वर्षांनी मोठ्या, डबिंगच्या धंद्यातल्या महाराणी. विशीतल्या मुलीचे ओठ, आणि पन्नाशी ओलांडलेल्या बाईंचा आवाज.

आपण नाक मुरडायचं कारण नाही. आपल्या नायिका गाताना नेमकं हेच करत आल्या. मुंबईत तयार झालेला राज कपूरचा 'आवारा' 1955 मध्ये तुर्कस्तानात लागला, तेव्हा तिथल्या लोकांनी तो डोक्यावर घेतला होता.

तर आवाज दुसऱ्याचा, तालमीला वेळ नाही, टेक एकच. नटीच्या हातात काय राहिलं? चेहरा. त्यातही, कॅमेरा जवळ आला की, डोळे.

(काराग्युम्रुकची गल्ली. दोन खिडक्यांच्या मध्ये दोरी, दोरीवर कपडे.)

काराग्युम्रुक. जुन्या शहरातली साध्या माणसांची वस्ती. तुर्कानचे वडील रेल्वेत नोकरीला होते. पुढे आईवडील वेगळे झाले. इथे शेजारी एमेल यिल्दिझ नावाची नटी राहत होती. एकदा ती या पोरीला शूटिंग बघायला सोबत घेऊन गेली आणि दिग्दर्शक तुर्केर इनानोलू यांची नजर पडली. वर्ष 1960, पोरीचं वय पंधरा. पहिल्या चित्रपटाच्या नावाचा अर्थ 'खेड्यातल्या एका मुलीवर माझा जीव जडला'. शाळा सुटली ती सुटलीच.

दोन वर्षांनी 'अजी हयात'. हयात हा शब्द आपलाच, 'उभी हयात' मधला. अजी म्हणजे कडू. दिग्दर्शक मेतीन एर्कसान. ती लोकांची नखं रंगवणारी, तो गोदीत वेल्डिंग करणारा. दोघांना लग्न करायचंय आणि परवडेल असं घर मिळत नाही. गिरगाव-परळच्या माणसाला याहून जास्त सांगायला नको. 1964 मध्ये अंतल्या शहरातला 'सुवर्ण संत्रं' चित्रपट महोत्सव पहिल्यांदा भरला आणि त्यातलं उत्कृष्ट अभिनेत्रीचं पारितोषिक याच भूमिकेला गेलं. पुढे ते संत्रं आणखी तीनदा तिच्या घरी आलं.

(हाताने लिहिलेला कागद. जवळून.)

इथवर आपण या मुलीला 'ती' म्हणत आलो. आता 'त्या' म्हणू या. कारण साठचं दशक सरता सरता तुर्कानबाईंनी निर्मात्यांपुढे अटी ठेवल्या.

पटकथा शूटिंगच्या महिनाभर आधी हातात पडली पाहिजे. चुंबनाचं दृश्य नाही, कपडे उतरवणं नाही. शूटिंग इस्तंबूलमध्ये. रविवारी सुट्टी.

वर्तमानपत्रांनी चेष्टेच्या सुरात या अटींना 'शोराय कायदे' म्हटलं आणि नाव रूढ झालं. आजही तुर्कस्तानात 'शोराय कायदे' म्हटलं की लोकांना फक्त चुंबन आठवतं. मला मात्र ती महिनाभराची अट मोठी वाटते. कथेआधी पोस्टर छापणाऱ्या धंद्यात एक बाई म्हणते, आधी वाचीन, मग बोलू. आणि रविवारची सुट्टी! गिरणीतल्या कामगारांना ती मिळावी म्हणून आपल्याकडे नारायण मेघाजी लोखंड्यांना किती वर्षं झगडावं लागलं, ते आठवा. या अटींमागे त्यांच्या आयुष्यातल्या पुरुषाचा हात होता, असंही बोललं गेलं. असेल. पण निर्मात्यासमोर बसून 'नाही' म्हणायचं काम बाईंनाच करावं लागलं, आणि हुंड्यांचा सगळा डोलारा त्यांच्या चेहऱ्यावर उभा असल्यामुळे निर्मात्यांना ते ऐकावं लागलं.

('वेसिकाले यारिम', 1968. दुकान, रात्रीचे दिवे.)

लुत्फी ओमेर अकाद यांचा चित्रपट. हलील भाजीफळं विकणारा, कोजामुस्तफापाशा भागातला सरळमार्गी माणूस. सबिहा रात्रीच्या क्लबात काम करणारी. त्याला बायको आहे, मुलं आहेत, हे तिला उशिरा कळतं. ते कळण्याचा क्षण बघा.

(पूर्ण शॉट चालू द्यावा. निवेदन नाही.)

पापणी किती वेळानं लवली?

('दोन्युश', 1972. माळरान.)

सत्ताविसाव्या वर्षी त्या कॅमेऱ्याच्या मागे गेल्या. 'दोन्युश' म्हणजे परत येणं. 1961 मध्ये पश्चिम जर्मनीशी करार झाल्यापासून तुर्की गावांतले पुरुष कामाला तिकडे जात होते. या चित्रपटातल्या गुलजानचा नवरा असाच गेलेला, ती मुलासह मागे, आणि गावचा जमीनदार टपलेला. इस्तंबूलची अट घालणाऱ्या बाई स्वतःच्या चित्रपटासाठी खेड्याची गोष्ट निवडतात, हे मला आवडलं.

(लाल ओढणी. ट्रक. धूळ.)

आणि हा लाल रंग. 'सेल्वी बोयलुम, अल याझ्मालम', 1977. सुरूसारखी उंच, लाल ओढणीची माझी. कथा किर्गिझ लेखक चिंगीझ ऐतमातोव यांची, दिग्दर्शन आतफ यिल्माझ यांचं. आसिया आणि ट्रक ड्रायव्हर इलियास यांचं प्रेम जुळतं. पुढे तो भरकटतो आणि ती मूल घेऊन निघते. जेमशित नावाचा शांत माणूस दोघांना आसरा देतो. वर्षांनी इलियास समोर येऊन उभा राहतो. ओठ मिटलेले, मनातले विचार वरून ऐकू येतात आणि डोळे एका पुरुषावरून दुसऱ्याकडे जातात. शेवटी आसिया वळते ती पोराला वाढवणाऱ्याकडे. येशिलचामच्या मुक्या सेटवर जे काही त्या शिकल्या, ते सगळं या एका प्रसंगात आहे.

(रिकामं थिएटर.)

नंतर टीव्ही आला, थिएटरं स्वस्त उत्तान चित्रपटांवर जगू लागली, 1980 मध्ये लष्कराने सत्ता घेतली. गल्ली ओसरली.

(रेल्वे स्टेशन, 'मिने', 1982.)

लहान गावातल्या स्टेशनमास्तरची बायको मिने. रेल्वेवाल्याच्या मुलीनं रेल्वेवाल्याच्या बायकोची भूमिका केली आणि त्यात स्वतःचे कायदे स्वतःच मोडले. पटकथा वाचून, विचार करून मोडले. सहकलाकार जिहान उनाल यांच्याशी 1983 मध्ये लग्न, 1984 मध्ये मुलगी यामूर, 1987 मध्ये घटस्फोट.

(सामात्या. चौक, टेबलं, कबाबचा धूर.)

इस्तंबूलच्या सामात्या वस्तीतला हा चौक. 1998 मध्ये इथे 'इकिंजी बहार' ही मालिका सुरू झाली. दुसरा बहर. समोर शेनेर शेन, कबाबवाला अली हैदर. तुर्कानबाईंच्या पात्राचं नाव हानम, म्हणजे नुसतं 'बाई'. पन्नाशी उलटलेली, संसाराला पुन्हा सुरुवात करू पाहणारी.

इथे ऐकू येतोय तो आवाज तुर्कानबाईंचा स्वतःचा. थोडा बसका, घाई न करणारा.

(आवाज वाढवावा. निवेदन संपलं.)