बर्फवाल्याच्या मुलाची चित्रे

न्यूयॉर्कमधील इटालियन वस्त्यांचा वारसा म्हटला की बहुतेकांच्या डोळ्यांपुढे मल्बेरी स्ट्रीटवर 1926 पासून भरणारा सॅन जेनारो या संताचा उत्सव, दिव्यांच्या कमानी आणि खाद्यपदार्थांचे ठेले उभे राहतात. चित्रकार राल्फ फासानेला यांच्या चित्रांत मात्र अशाच वस्तीतला एक बर्फवाला आहे. चाळवजा इमारतीपुढे तो क्रुसावर खिळलेला आहे आणि बर्फाची लादी उचलण्याच्या लोखंडी चिमट्याने त्याचे डोके पकडले आहे.

हा बर्फवाला म्हणजे चित्रकाराचे वडील, ज्यो. 1914 साली जन्मलेले राल्फ लहानपणी वडिलांबरोबर बर्फाच्या गाडीवर जात आणि घरोघरी जड लाद्या पोहोचवणे म्हणजे काय, हे त्यांनी जवळून पाहिले. पुढे वडील कुटुंब सोडून इटलीला परतले, तरीही मुलाने त्यांना पुन्हा पुन्हा रंगवले. ही केवळ पितृभक्ती नव्हे, असे मला वाटते. त्यात रागही असावा. आई जिनेव्रा कपड्यांच्या कारखान्यात राबत असे आणि उरलेल्या वेळात मुसोलिनीच्या राजवटीविरुद्धच्या चळवळीत काम करीत असे. 1972 साली काढलेल्या ‘कौटुंबिक जेवण’ या चित्रात टेबलापाशी मध्यभागी तीच आहे. इमारतीची दर्शनी भिंत जणू काढून ठेवलेली असल्याने रस्त्यावरच्या माणसाला थेट स्वयंपाकघर दिसते. फासानेलांची कथनाची रीत हीच होती: विटेवर वीट रचून इमारत रंगवायची, आणि तिच्या आत चाललेले मात्र झाकायचे नाही.

त्यांनी चित्रकलेचे शिक्षण कधी घेतले नव्हते. कामगार संघटनेत काम करीत असताना, 1945च्या सुमारास, बोटे दुखू लागली आणि बोटांना व्यायाम म्हणून ते रेखाटने करू लागले. डाव्या विचारांमुळे पुढे त्यांच्यावर पाळत राहिली, नोकऱ्या मिळेनात, आणि कित्येक वर्षे ते ब्राँक्समध्ये भावांच्या पेट्रोल पंपावर काम करीत रात्री चित्रे काढत राहिले. 1972 साली एका साप्ताहिकाच्या मुखपृष्ठावर झळकल्यानंतर त्यांना प्रसिद्धी मिळाली, तेव्हा ते 58 वर्षांचे होते.

त्यानंतर ते मॅसॅच्युसेट्समधील लॉरेन्स या गिरणी-गावी जाऊन राहिले. तिथे 1912 साली, आठवड्याचे कामाचे तास 56 वरून 54 वर आणताना मजुरीही कापली गेल्यामुळे, 20,000 हून अधिक कामगारांनी संप केला होता आणि त्यांत इटालियन स्थलांतरितांचा मोठा भाग होता. फासानेला वाचनालयात बसले, म्हाताऱ्या कामगारांशी बोलले, गिरण्यांच्या खिडक्यांची रेखाटने केली. ‘विसर पडू नये’ हे शब्द त्यांच्या अनेक चित्रांत आढळतात. लॉरेन्समध्ये तर त्या विसरण्याविरुद्ध त्यांनी जवळजवळ तीन वर्षे घालवली.

आपली चित्रे श्रीमंतांच्या दिवाणखान्यात टांगण्यासाठी नाहीत, असे ते आग्रहाने सांगत. ‘कौटुंबिक जेवण’ एलिस बेटावर, जिथून लाखो स्थलांतरित अमेरिकेत शिरले त्या इमारतीत, लागले. ‘भुयारी रेल्वेतील प्रवासी’ हे 1950 सालचे चित्र मॅनहॅटनच्या फिफ्थ अव्हेन्यू–53 वा रस्ता या स्थानकात लागले. आधुनिक कलेचे प्रसिद्ध संग्रहालय तिथून काही पावलांवर आहे. स्थानकातले हे चित्र मात्र कामावर जाणाऱ्याला गाडीच्या तिकिटातच पाहायला मिळाले.