साउंडवाल्याची कंपनी

मंडळी, ग्रीक सिनेमा म्हटलं की कुणाला हिरॉइन आठवते, जरा जास्त पिक्चर बघणारा असला तर लगेच डायरेक्टर अँजेलोपूलोसचं नाव घेतो. मी आज ज्याच्याबद्दल बोलणारे तो मुळात साउंडवाला. फिलोपीमिन फिनोस. नाव धड उच्चारायला मला आठवडा लागला, हसू नका.

1908 चा जन्म. हा तिशीत आला तेव्हा ग्रीसमध्ये साउंडची धड सोय नव्हती, ग्रीक भाषेतले काही बोलपट तर चक्क इजिप्तमध्ये जाऊन बनवलेत. याला मशिनांचा नाद, खटपट करून सामान स्वतःच जुळवलं आणि 1939 ला एक पिक्चर काढला, नावाचा अर्थ 'विरहाचं गाणं'. ग्रीसमध्येच आवाजासकट बनलेला पहिला पिक्चर म्हणून त्याचं नाव घेतात. डायरेक्टर म्हणून त्याने केलेला तेवढा एकच.

हे का अवघड होतं ते सांगतो. तेव्हा आवाज म्हणजे फिल्मच्या कडेला प्रकाशाने उमटवलेली बारीक पट्टी. माइकमधला करंट प्रकाश कमीजास्त करतो, त्याचा ठसा फिल्मवर, थिएटरात त्याच ठशातून लाइट जाऊन फोटोसेलवर पडतो, परत करंट, परत आवाज. आता गंमत अशी की चित्र दिसायला फिल्म फ्रेमगणिक थांबावी लागते, सेकंदाला 24 वेळा, आणि आवाजाला मात्र ती थांबून अजिबात चालत नाही, म्हणून आवाज वाचायची जागा चित्राच्या खिडकीपासून साधारण 20 फ्रेम लांब ठेवतात. चित्र थोडं हललं तर लोक सोडून देतात हो, पण स्पीड डुगडुगला की गाणारीचा सूर लडबडतो आणि ते शेंगदाणे खाणाऱ्यालाही कळतं.

1943 मध्ये, अथेन्स जर्मनांच्या ताब्यात असताना, याने 'फिनोस फिल्म' सुरू केली. पुढे ती देशातली सगळ्यात मोठी कंपनी झाली, 180 च्या वर पिक्चर, मीमिस प्लेसासच्या म्युझिकचे रंगीत म्युझिकल वगैरे. टीव्ही आला, गर्दी ओसरली, 1977 ला फिनोस गेला आणि कंपनीचं पिक्चर काढणंही तिथेच थांबलं. मला विचाराल तर त्या म्युझिकलपेक्षा 1939 ची खटपट मोठी. पण आपण साउंडवाले, आपण असंच म्हणणार.

आता त्याच काळातली आपल्याशी नातं असलेली गोष्ट, ही फिनोसची नाही. 1950 च्या पुढे ग्रीसमध्ये हिंदी पिक्चर तुफान चालायचे, नर्गिस-मधुबालासाठी बाया रुमाल घेऊन जायच्या म्हणे. तिथल्या गाणेवाल्यांनी या चाली उचलल्या, खाली बुझुकी, म्हणजे त्यांचं लांब दांड्याचं तारवाद्य, लावली, वर ग्रीक शब्द. 1959 चं तिथला गायक स्टेलिओस काझांझीदिसचं 'मांदुबाला' गाणं आहे ना, नावात आपली मधुबालाच, आणि चाल 'आवारा'मधल्या लताबाईंच्या 'आ जाओ तड़पते हैं अरमाँ'ची! 

आधी लताबाई लावतो, मागोमाग काझांझीदिस. मागचा तो पंखा बंद करा कुणीतरी, त्याची घरघर माइकमध्ये येतेय.