गणपतराव देशमुख आणि विरोधी बाकावरचं काम

गणपतराव देशमुखांचं नाव निघालं की आधी आकडा सांगितला जातो. सोलापूर जिल्ह्यातल्या सांगोल्यातून अकरा वेळा आमदार, तेही शेतकरी कामगार पक्षासारख्या छोट्या पक्षाकडून. पहिला विजय १९६२ चा, शेवटचा २०१४ चा. मधे दोनदा पडले. १९७२ ला हरले आणि १९७४ च्या पोटनिवडणुकीत परत आले. १९९५ ला शहाजीबापू पाटलांकडून अवघ्या १९२ मतांनी पराभव झाला, १९९९ ला पुन्हा निवडून आले. १९७८ च्या पुलोद (शरद पवारांच्या पुरोगामी लोकशाही दल आघाडीच्या) सरकारात आणि १९९९ नंतर मंत्रीही होते. उरलेली बहुतेक वर्षं मात्र विरोधी बाकांवर गेली, आणि मला त्या बाकांबद्दलच बोलायचं आहे. तिथल्या आमदाराच्या हातात असतं तरी काय?

पहिलं साधन तारांकित प्रश्न, म्हणजे ज्याचं उत्तर मंत्री सभागृहात तोंडी देतात तो प्रश्न. त्याचा साचा ठरलेला आहे: अमुक 'हे खरे आहे काय', 'असल्यास' काय कार्यवाही केली, 'नसल्यास, विलंबाची कारणे काय आहेत'. नवखा आमदार पहिल्याच भागात चार आरोप कोंबतो. त्यातला एक जरी चुकीचा निघाला, तरी खात्याला 'हे खरे नाही' म्हणायची सोय होते आणि पुढच्या सगळ्या भागांना एकच उत्तर मिळतं, 'प्रश्न उद्भवत नाही'. म्हणून पहिल्या भागात एकच गोष्ट विचारावी, जी कागदावर सिद्ध आहे: गावाचं नाव, कामाचं नाव, मंजुरीची तारीख. नेम धरायचा तो विलंबाच्या कारणावर. प्रश्नोत्तराच्या तासात यादीतले मोजकेच प्रश्न पुकारले जातात. आपला पुकारला गेला तर उपप्रश्नात मंत्र्यांकडून मुदत वदवून घ्यायची. सभागृहात दिलेलं आश्वासन, अशा आश्वासनांचा पाठपुरावा करणाऱ्या आमदारांच्या आश्वासन समितीच्या नोंदीत जातं. बाहेर, दालनात दिलेल्या शब्दाला तो आधार नसतो. विषय तातडीचा असेल तर लक्षवेधी सूचना, म्हणजे त्या विषयाकडे मंत्र्यांचं लक्ष वेधून सभागृहात निवेदन मागणं.

त्यानंतरची पायरी अर्थसंकल्पाची, आणि बरेच जण फसतात ते इथे. योजनेचं नाव अर्थसंकल्पाच्या पुस्तकात छापून आलं की मतदारसंघात हार-तुरे सुरू होतात, पण नावापुरती तरतूद असेल तर कंत्राटदाराची बिलं थकतात, काम रेंगाळतं आणि खर्चाचा आकडा वाढल्यामुळे सुधारित प्रशासकीय मान्यता, म्हणजे वाढीव खर्चाला सरकारची मंजुरी, नव्याने घ्यावी लागते. त्या फेऱ्यात वर्षं जातात. पुरवणी मागण्या, म्हणजे वर्षाच्या मधे सरकारने मागितलेला जादा निधी, सभागृहात आल्या की आपल्या कामासमोरचा आकडा शोधून त्यावर बोलणं हे कंटाळवाणं, पण सर्वांत उपयोगी काम आहे.

सभागृहातला हा सगळा खटाटोप बाहेरच्या रेट्याशिवाय लंगडाच राहतो. गणपतरावांना, म्हणजे सांगोल्याच्या आबांना, हे पक्कं ठाऊक होतं. १९९३ पासून सांगली जिल्ह्यातल्या आटपाडीत स्वातंत्र्यसैनिक नागनाथअण्णा नायकवडींच्या पुढाकाराने दुष्काळी तालुक्यांच्या पाणी परिषदा सुरू झाल्या, त्यात आबा होते, श्रमिक मुक्ती दलाचे भारत पाटणकर होते. मागणी नेमकी होती: कृष्णेचं पाणी उचलून द्या आणि त्याचं वाटप समन्यायी करा.

कृष्णेचं पाणी उचलणाऱ्या टेंभू आणि म्हैसाळ या उपसा सिंचन योजनांचं पाणी टप्प्याटप्प्याने पंपांनी वर चढवावं लागतं. त्यामुळे कालवे होऊनही वीजबिल थकलं की पंप बंद. पुढे ८१ टक्के बिल शासनाने आणि १९ टक्के शेतकऱ्यांनी भरायचं असं ठरलं, तेव्हा ही अडचण हलकी झाली. सांगोला या दोन्ही योजनांच्या शेपटाला आहे. वरच्या तालुक्यांत पाणी अडलं की डाळिंबाच्या बागा इथे सुकतात. म्हणून आवर्तन, म्हणजे कालव्यातून पाणी सोडण्याची पाळी, सुटलं की नाही एवढं विचारून भागत नाही. पाणी शेवटच्या फाट्यापर्यंत किती दिवस आणि किती पोहोचलं, हा प्रश्न सांगोल्याच्या आमदाराला दर आवर्तनाला विचारावा लागतो.