तिथीची जत्रा, कौलाची जत्रा
(मालवणातल्या एका वाचनालयात दिलेलं व्याख्यान, थोडं संपादित करून)

अध्यक्षांनी विषय वाचला, 'डेटिंग शोचा नवा सीझन कधी येणार, हे ओळखायचं कसं', आणि मागच्या बाकांवर हसू फुटलं. हसा, हसा. एमटीव्हीवरचा स्प्लिट्सव्हिला कोण कोण बघतं, हात वर करा बघू. चार? बरं. बाकीच्यांनी घरी गेल्यावर वर केले तरी चालतील.

विषय माझ्या मावशीमुळे सुचला. काका गेल्यापासून ती कुणकेश्वरच्या घरात एकटीच असते. नात पुण्याला नोकरीला. स्प्लिट्सव्हिलाचा नवा सीझन सुरू झाला की पहिल्या शनिवारी नात गावी येते, फोन टीव्हीला जोडते, आणि दोघी मिळून बघतात. कोण कोणाला फसवणार यावर पैजा लागतात. मावशीला माणसांची पारख मोठी! चेहरा बघून सांगते, 'ह्यो टिकूचो नाय.' तेव्हा सीझन कधी हा प्रश्न त्या घरात नात कधी येणार, असा विचारला जातो. म्हणून मला तो क्षुल्लक वाटत नाही.

२०२३ च्या ऑगस्टमधली गोष्ट. नातीला फोनवर कुठेतरी बातमी दिसली. 'तारीख ठरली!' खाली दिवस, वेळ, सगळं. पोरीनं रजा टाकली आणि रात्रीच्या गाडीनं आली. मावशीनं आदल्या दिवशीच खापरोळ्यांचं भिजत घातलं होतं. संध्याकाळी शेजारच्या तिघी आल्या. बिडावर खापरोळ्या उतरत होत्या, जाळीदार, मधे पिवळसर, काठाला नुसत्या लालसर. नारळाच्या रसात गूळ-वेलची घालून पातेलं झाकून ठेवलेलं. बाहेर पाऊस असा की अंगणातलं दिसत नव्हतं. मीही त्या दिवशी तिथेच होते. वेळ झाली. टीव्हीवर दुसरंच काहीतरी. थोड्या वेळानं ती बातमी मीच नीट वाचली. शेवटच्या ओळीत लिहिलं होतं, 'अधिकृत घोषणा अद्याप झालेली नाही.' वर ठरली, खाली झालेली नाही! मला याचा अजून राग येतो. लिहिणाऱ्याला वाचक मिळाले, पण पोरीची रजा गेली ती गेलीच. पुढच्या महिन्यात गणपतीला ती दीड दिवसच येऊ शकली.

मावशी रस वाढता वाढता एवढंच म्हणाली, "पण गो, कौल कोणी घेतलो?"

मावशीचं माहेर मसुऱ्याचं. आंगणेवाडी तिथलीच. कुणकेश्वरची जत्रा महाशिवरात्रीला. कालनिर्णय उघडा, दिवस हजर. आंगणेवाडीच्या भराडी देवीच्या जत्रेला मात्र तिथी नाही. आधी पारध, म्हणजे शिकार होते, मग देवीचा कौल होतो, मगच तारीख ठरते, आणि मग मुंबईत चाकरमान्यांची तिकिटांसाठी धावपळ सुटते. त्याआधी कोणी कितीही छातीठोकपणे सांगितलं तरी आपण गाडी बुक करत नाही. मावशीच्या त्या एका प्रश्नात माझं सगळं व्याख्यान आलं. शो दोन जातींचे असतात. काही कुणकेश्वर, काही आंगणेवाडी. आधी जात ओळखा.

अध्यक्षांची चिठ्ठी आली. दहा मिनिटं? सव्वाआठच्या एसटीची माणसं आहेत, कबूल. मग भराभर सांगते.

कुणकेश्वर म्हणजे ब्रिटनचा लव्ह आयलंड. २०१७, १८, १९ आणि पुन्हा २०२२, २३, २४, सहाही वेळा जूनच्या पहिल्या सोमवारी सुरू झाला. आपल्याकडे १ जूनला मासेमारी बंद होऊन होड्या वर ओढतात, तोच आठवडा. कारण साधं आहे. स्पेनच्या मायोर्का बेटावर जे घडतं ते दुसऱ्या रात्री टीव्हीवर दाखवतात, म्हणजे साठवण नाही. तिथला उन्हाळा हाच सीझन. २०२० च्या जानेवारीत हिवाळी सीझन काढला तेव्हा दक्षिण आफ्रिकेला गेले, कारण तेव्हा ऊन तिकडे होतं. त्याच वर्षीचा उन्हाळी सीझन कोविडनं रद्द झाला.

लव्ह इज ब्लाइंडचं वेगळं. शेवटी खरी लग्नं लागतात, आणि कोण 'हो' म्हणालं ते फुटू द्यायचं नसतं. पहिल्या सीझनचं चित्रीकरण २०१८ च्या शरदात झालं, दिसला १३ फेब्रुवारी २०२० ला! त्यामुळे चित्रीकरणाची बातमी आली म्हणून खूश होऊ नका, लोणचं मुरायला वेळ लागतो. पण अमेरिकेतला दुसरा, सहावा, आठवा हे सीझनही फेब्रुवारीतच आले, प्रेमाच्या दिवसाच्या आसपास. म्हणजे यालाही अर्धी तिथी आहे.

आणि आपला स्प्लिट्सव्हिला, पक्का आंगणेवाडी. तेरावा मार्च २०२१, चौदावा नोव्हेंबर २०२२, पंधरावा मार्च २०२४. यात महिना शोधू नका, पारध शोधा. त्याच चॅनेलवर रोडीज हा दुसरा रिअॅलिटी शो असतो. २०२२ मध्ये रोडीज जुलैत संपला, चार महिन्यांनी स्प्लिट्सव्हिला. २०२३ मध्ये ऑक्टोबरात संपला, पाच महिन्यांनी स्प्लिट्सव्हिला. दोनच दाखले आहेत, नियम म्हणून छातीवर लावू नका. पण त्या ऑगस्टमध्ये रोडीज चालू होता हो! आम्ही तेवढं बघितलं असतं तरी पुरे होतं. पुढची खूण ऑडिशनची हाक, मग सूत्रसंचालकाचं नाव, आणि चॅनेलनं स्वतः तारखेसह टाकलेला प्रोमो म्हणजे कौल. रजा त्यानंतरच.

हो, उठते. बॅचलर या डेटिंग शोबद्दल कोणीतरी चिठ्ठी पाठवलीय. तो अमेरिकेत बरीच वर्षं जानेवारीत यायचा, चित्रीकरण आदल्या शरदात. बाकीचं दाराशी बोलू. मावशीचा मघाशीच फोन येऊन गेलाय, "कौल झालो काय गो?" विचारायला, आणि मी अजून उत्तर दिलेलं नाही.