कोर्ट कमिशनरचा अहवाल विरोधात गेलाय? हरकत कशी घ्यायची

नमस्कार मंडळी. हद्दीचा दावा चालू आहे, कोर्ट कमिशनर (जागेची पाहणी करून अहवाल द्यायला कोर्टानं नेमलेला माणूस) जागेवर येऊन मोजणी करून गेला आणि अहवालात आलं की तुमचं कुंपण शेजाऱ्याच्या गटात आहे. मग घाईघाईत हरकत दिली जाते: 'सदर अहवाल खोटा, एकतर्फी असून आम्हांस मान्य नाही.' बस, एवढंच. अशी हरकत टिकत नाही, आणि खरं सांगू का, टिकूही नये.

अहवाल म्हणजे निकाल नव्हे. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८, ऑर्डर २६ रूल १० काय सांगतो? हा अहवाल दाव्यातला पुरावा आहे. पुरावा खोडायचा तर तो तयार कसा झाला, तिथं बोट ठेवायला लागतं.

मोजणीचंच घ्या. भूकरमापकानं, म्हणजे प्रत्यक्ष जमीन मोजणाऱ्यानं, कुठल्या कायम खुणा धरल्या? दोन्ही गट मोजले, की तुमचाच मोजला? भूमी अभिलेखाच्या मूळ नकाशाशी ताळा घेतला का? तारखेची नोटीस तुम्हाला मिळाली होती का? नकाशात एक आणि अहवालात दुसरंच, असं कुठं झालंय का? हे मुद्दे एकेक करून, परिच्छेद क्रमांकासकट लिहा. 'मोजणी चुकीची' या दोन शब्दांपेक्षा 'पूर्वेकडचा गट मोजलाच नाही' हे वाक्य कितीतरी जड पडतं.

आणखी एक बघा. कोर्टानं कमिशनरला नेमकं काय काम दिलं होतं, तो आदेश काढून वाचा. जागेवर भिंत आहे, विहीर आहे, हे त्यानं लिहावं. पण 'ही जमीन वादीच्या मालकीची' असं लिहिलं असेल, तर तो त्याचा प्रांतच नाही. मालकी कोर्ट ठरवतं.

आता सगळ्यात कमी वापरलं जाणारं हत्यार. त्याच रूल १० खाली कोर्टाच्या परवानगीनं कमिशनरला साक्षीला बोलावून त्याच्या कामाबद्दल प्रश्न विचारता येतात. कागदावर ठाम वाटणारा अहवाल तिथं डळमळू शकतो. कोर्टाचं समाधान झालं नाही, तर ते पुढची चौकशी करायला सांगू शकतं. पण पहिल्या अहवालात काय बिघडलंय हे न दाखवता नुसतं 'दुसरा कमिशनर नेमा' म्हणाल, तर अर्ज फेटाळला जाण्याचीच शक्यता जास्त.

कमिशनर समोरच्या पार्टीचा नातेवाईक निघाला? मग ते कळताक्षणी प्रतिज्ञापत्रासह अर्ज द्या. अहवाल विरोधात गेल्यावर नातं आठवलं, तर कोर्ट काय समजेल ते तुम्हीच ओळखा.

आणि मोजणीच्या दिवशी गैरहजर राहू नका! रूल १८ प्रमाणे तुमच्या गैरहजेरीतही काम पुढं नेता येतं. जागेवर हजर राहा, लेखी म्हणणं द्या, पोच घ्या.

हरकत फेटाळली तर? २००२ पासून अशा मधल्या, म्हणजे अंतिम निकालाआधीच्या, आदेशांवर रिव्हिजनचा (उच्च न्यायालयाकडून आदेश तपासून घेण्याचा) रस्ता जवळपास बंद झालाय. संविधानाच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालयात रिट करता येते, पण तिथं हस्तक्षेप क्वचितच होतो. दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम १०५ मात्र शिल्लक आहे: निकाल विरोधात गेला, तर अपिलात या आदेशातली चूकही मांडता येते. त्यासाठी तुमची हरकत, मुद्द्यांसकट, वेळेवर रेकॉर्डवर आलेली असली पाहिजे.