देवापुढचं ताट पुढे कुठे जातं?

मंडळी, प्राचीन इजिप्त म्हटलं की आपल्याला पिरॅमिड, ममी आणि तुतनखामेनचा सोन्याचा मुखवटा आठवतो. म्हणजे सगळं मेलेल्यांचं. मला आज तिथल्या जित्याजागत्या माणसांबद्दल बोलायचं आहे, आणि त्यांच्यापर्यंत जायची वाट देवळातून जाते. म्हणून आपण एकच गोष्ट धरून चालू: देवापुढे ठेवलेलं अन्न. ते कुठून येतं, कुठे जातं, आणि वाटेत कोण कोण त्यावर जगतं?

सुरुवात नाईलकाठच्या अबायडॉस या तीर्थस्थानापासून करतो. राजा सेती पहिला याने इ.स.पू. 13व्या शतकाच्या सुरुवातीला तिथे देऊळ बांधलं. त्यात सात गाभारे एका ओळीत आहेत आणि भिंतींवर नित्यपूजेची दृश्यं कोरलेली आहेत. त्यांचे रंगसुद्धा बऱ्याच ठिकाणी टिकून आहेत. बर्लिनच्या संग्रहालयात आमून देवाच्या पूजेचा पपायरस, म्हणजे लव्हाळ्यापासून केलेल्या कागदावरचा लेख आहे, त्यात 66 मंत्र आहेत. या आमूनचं मोठं देऊळ थेब्स शहरात कर्नाक इथे होतं. ही दोन्ही साधनं शेजारी शेजारी ठेवली की तीन हजार वर्षांपूर्वीची एक सकाळ उभी राहते.

पहाटे पुजारी देव्हाऱ्यापाशी येतो. कवाडांना दोरी बांधलेली असते आणि गाठीवर मातीची मोहोर असते. तो मोहोर फोडतो, अडसर सरकवतो, कवाडं उघडतो. देवाचं मुख दिसताच जमिनीवर पालथा पडतो. स्तोत्र म्हणतो, धूप दाखवतो. मूर्तीवरची कालची वस्त्रं उतरवतो, पाण्याने आणि नेट्रन नावाच्या क्षाराने तिला शुद्ध करतो, तागाची नवी वस्त्रं चढवतो, करंगळीने सुगंधी तेल लावतो. भाकरी, मांस, भाज्या, बिअर असा नैवेद्य होतो. शेवटी कवाडं बंद करून नवी मोहोर लावतो आणि बाहेर पडताना केरसुणीने स्वतःच्या पावलांच्या खुणा झाडून टाकतो. मला हे शेवटचं दृश्य सगळ्यांत विलक्षण वाटतं. माणूस इथे येऊन गेला याची एकही खूण मागे राहता कामा नये!

तुमच्यापैकी अनेकांच्या मनात आत्ता षोडशोपचार पूजा आली असेल. साम्य खरंच आहे. पण एक मोठा फरक विसरू नका. तिथे दर्शन नव्हतं. शेतकरी, कोळी, कुंभार यांना गाभाऱ्यात प्रवेश नव्हता. आत जावं तसं छत खाली येतं, जमीन वर चढते, उजेड कमी होतो. शिवाय भिंतींवर बघाल तर पूजा करणारा दर वेळी राजाच दिसतो. प्रत्यक्षात राजा देशातल्या प्रत्येक देवळात रोज कसा पोचणार? त्याच्या वतीने पुजारी ते करत. देवाला जपलं, तर देव सृष्टीचा क्रम जपतो. या क्रमाला ते ‘मात’ म्हणत: सूर्य उगवणं, नाईलचा पूर वेळेवर येणं, न्याय होणं. हे आपोआप चालत नाही, ते रोज करावं लागतं, अशी त्यांची श्रद्धा होती. त्या श्रद्धेकडे आपण आदरानेच पाहायला हवं.

आता ताटाकडे येऊ. देवाने त्यातलं सत्त्व घेतलं की ताट उचललं जाई. मग ते दुसऱ्या देवतांपुढे, कधी पूर्वजांच्या आणि मान्यवरांच्या पुतळ्यांपुढे जाई आणि अखेर पुजारी आणि देवळाचे सेवक यांच्यात वाटलं जाई. हा त्यांचा मोबदला होता. नाण्यांचा व्यवहार त्या काळी नव्हता. पगार म्हणजे धान्य, भाकरी आणि बिअर.

हा हिशेब किती काटेकोर होता ते अस्यूतच्या एका थडग्यात दिसतं. इ.स.पू. 20व्या शतकातला हापजेफा हा तिथला प्रांताधिकारी होता आणि देवळाचा प्रमुख पुजारीही होता. त्याने पुजाऱ्यांशी केलेले दहा करार थडग्याच्या भिंतीवर कोरून घेतले. त्यात ‘देवळाचा एक दिवस’ हे माप येतं. देवळात वर्षभर येणाऱ्या भाकरी, बिअर, मांस या सगळ्याचा 360वा भाग म्हणजे एक दिवस. असे काही दिवस त्याच्या वडिलोपार्जित वाट्याचे होते. ते त्याने इतरांना देऊन टाकले. बदल्यात काय मागितलं? ठरलेल्या सणांना त्याच्या पुतळ्यापुढे दिवा लावायचा आणि भाकरी ठेवायची. हे प्रांताधिकारी म्हणून मिळालेल्या मालमत्तेतून नव्हे, माझ्या बापाच्या वाट्यातून देतो आहे, हेही तो बजावून सांगतो.

पुजारी हा बहुतेकांचा पूर्णवेळचा पेशा नव्हता. ते पाळीपाळीने सेवेला येत. चार गट असत आणि एका गटाकडे एक महिना. उरलेले तीन महिने तो माणूस गावात आपला लेखनिकाचा किंवा शेतीचा व्यवसाय करी. पाळी आली की मुंडण, स्नान, तागाचे कपडे. ग्रीक इतिहासकार हिरोडोटसने लिहून ठेवलंय की ते दिवसा दोनदा आणि रात्री दोनदा थंड पाण्याने आंघोळ करत.

बाकीच्यांना देव भेटे तो उत्सवात. ऑपेटच्या सणाला आमूनची मूर्ती नौकेच्या आकाराच्या पालखीतून कर्नाकहून लक्झरला जाई. रॅमसेस तिसऱ्याच्या काळात हा उत्सव जवळजवळ महिनाभर चाले आणि 11 हजारांहून अधिक पाव वाटपासाठी लागत. अशा वेळी लोक देवाला प्रश्न विचारत. पालखी पुढे आली तर होकार, मागे सरली तर नकार. ब्रिटिश म्युझियममधल्या एका पपायरसमध्ये आमूनेमविया नावाच्या सेवकाची तक्रार आहे. त्याच्या राखणीतल्या कोठारातून पाच रंगीत अंगरखे चोरीला गेले. गावातली नावं देवापुढे वाचली गेली आणि एका शेतकऱ्याच्या नावावर देवाने मान डोलावली. शेतकऱ्याने ते नाकारलं आणि दुसऱ्या देवळातल्या आमूनकडे दाद मागितली. तिथेही तोच कौल. पुढे त्याला मार बसला आणि त्याने कबुली दिली. मला स्वतःला त्या शेतकऱ्याबद्दल वाईट वाटतं. माराखालच्या कबुलीवर विश्वास कसा ठेवायचा?

देवळाच्या मागच्या बाजूला जे असे, ते गाभाऱ्याइतकंच महत्त्वाचं होतं. रॅमसेस दुसऱ्याच्या देवळामागे, म्हणजे रॅमसेअममागे, कच्च्या विटांच्या कमानदार कोठारांची रांग आजही उभी आहे. ती सगळी धान्याने भरली तर सुमारे 3,400 कुटुंबांचं वर्ष निघेल, असा हिशेब पुरातत्त्वज्ञ बॅरी केम्प यांनी मांडला.

आणि याच कोठारांशी आपल्याला माहीत असलेला जगातला सर्वांत जुना संप घडला. देर अल-मदिना इथले कारागीर राजांची थडगी खोदत आणि रंगवत. कारागिराला महिन्याला साडेपाच पोती धान्य ठरलेलं होतं: दीड पोतं जव आणि चार पोती गहू. तो गहू म्हणजे आपल्याकडे सांगली-साताऱ्यात पिकते ती खपली. रॅमसेस तिसऱ्याच्या राज्याच्या 29व्या वर्षी, इ.स.पू. 1155च्या आसपास, धान्य थकलं. कारागीर काम टाकून निघाले आणि थेट थुतमोस तिसऱ्याच्या देवळामागे जाऊन बसले. दुसऱ्या दिवशी रॅमसेअम. भूक आणि तहान आम्हाला इथे घेऊन आली, कपडा नाही, तेल नाही, मासळी नाही, भाजी नाही, राजाला कळवा, असं त्यांनी सांगितलं. हे सगळं लेखनिकाने टिपलं; तो पपायरस आज इटलीत तुरीनमध्ये आहे. मागच्या महिन्याचं धान्य मिळालं, पण पुढे पुन्हा थकबाकी झाली आणि पुन्हा ते बाहेर पडले.

थेब्सच्या नगरप्रमुखाने त्यांना 50 पोती गहू देऊ केला, राजाकडून येईपर्यंत यावर भागवा म्हणून. त्यानंतरची नोंद सांगून थांबतो. आमूनच्या मुख्य पुजाऱ्याचा आक्षेप आला: हा माणूस रॅमसेस दुसऱ्याच्या देवळातला नैवेद्य संपकऱ्यांना खाऊ घालतो आहे, हा फार मोठा गुन्हा आहे. पुजाऱ्याच्या बाजूनेही नियम होता. नैवेद्य आधी देवाचा, मग ठरलेल्या वाटेकऱ्यांचा, आणि कारागीर त्या यादीत नव्हते. पण ते ज्या राजांची थडगी खोदत, त्यांच्याच पूजेसाठी ती देवळं उभी होती. माझ्या मते नगरप्रमुखाचं बरोबर होतं.